पाठमोरं लगीन

दाजी आणि बुधाजी यांनी एकमेकांचं तोंड न बघण्याची शपथ घेतली, तेव्हा दाजीच्या कमळाकरला नुकतं मिसरूड फुटत होतं आणि बुधाजीची रंभा परकर खोचून खाडीत खेकडे धरत हिंडत होती.

पनवेलच्या खाडीकाठी, बेलपाड्याच्या जरा अलीकडे, आमची आगऱ्यांची वाडी. या दोघांची मिठागरं शेजारी शेजारी. मधे एकच बांध आणि बांधात एकच उघाडी. उघाडी म्हणजे भरतीचं पाणी आत घ्यायचा लाकडी दरवाजा. एका सकाळी दाजीनं तो उघडला आणि पाणी थेट बुधाजीच्या तयार मिठात शिरलं. दाजीचं म्हणणं, बुधाजीनं मीठ आधीच ओढून ठेवायला हवं होतं. बुधाजीचं म्हणणं, दाजीनं एक हाक मारायला हवी होती. दुपारपर्यंत मिठाचं पाणी झालं आणि संध्याकाळी मारुतीच्या देवळात सगळ्या वाडीसमोर दाजी ओरडला, "या मानसाच्या घरातल्या कोनाचं तोंड माज्या घरातला कोनी बगनार नाय!"

"माज्या पन!" बुधाजी म्हणाला. घाईत त्याला एवढंच सुचलं.

दोघेही शब्दाला पक्के, त्यामुळे वाडीचे हाल सुरू झाले. दाजी बारा महिने काळी छत्री घेऊन फिरू लागला. बुधाजीचं घर उजवीकडे आलं की छत्री उजव्या खांद्यावर, परतताना डाव्या. न्हाव्यानं आपल्या ओट्यावर दोन पाट मांडले, एक पूर्वेला, एक पश्चिमेला. देवळात दाजी मारुतीच्या पुढे उभा राही, म्हणून बुधाजी मागे. इतकी वर्षं त्यानं देवाची पाठच बघितली आणि तिलाच शेंदूर लावला. दाजीची आई गेली तेव्हा बुधाजी न बोलावता आला आणि तिरडीला खांदा देऊन चालू लागला. दाजी मडकं धरून पुढे होता. मसणवटीपर्यंत बुधाजी त्याची पाठ बघत, डोळे पुसत गेला. पाठ बघायला शपथेची ना नव्हती.

पोरंही बापांवरच गेलेली. कमळाकर मोठा झाला, मिठागरावर फावडी ओढू लागला. रंभाही पलीकडे बापाच्या हाताखाली आली. बांधावर समोरून ती येताना दिसली की कमळाकर जागच्या जागी वळे आणि ती पुढे जाईपर्यंत कर्नाळ्याच्या सुळक्याकडे बघत उभा राही. रंभा पदर नाकापर्यंत ओढून, स्वतःची पावलं मोजल्यासारखी खाली बघत जाई.

पण त्या उघड्या रानात दुपारची सावली एकच. उघाडीच्या लाकडी चौकटीची. एक दिवस कमळाकर तिथं भाकर खायला बसला होता. तोंड डोंगराकडे. मागे कोणीतरी येऊन बसलं आणि फावडीचा दांडा बांधावर दोनदा आपटला.

"कोन हाय?" कमळाकरनं न वळता विचारलं.

"कोनी नाय."

कमळाकरनं थोडा विचार केला. "मंग बस," म्हणाला.

तोंड बघायचं नाही असं सांगितलं होतं. बोलायचं नाही असं कोणीच सांगितलं नव्हतं. दोघं बोलू लागली. त्याचं तोंड कर्नाळ्याकडे, तिचं खाडीकडे, मधे दोन पाठी. तो तिला डोंगराकडचं सांगे: वणवा लागलाय, ढग उतरलेत, पनवेलच्या रस्त्यावर बैलगाडीचं चाक निखळलंय. ती त्याला पाण्याकडचं सांगे: गलबत आलं, शीड उतरवलं, नाखवा कोणाला तरी शिव्या देतोय. तो खांद्यावरून मागे भाजलेल्या वालाच्या शेंगा देई. ती खांद्यावरून सुक्या बोंबलाची चटणी देई. वेळ झाली की ती म्हणे, "जाते मी." तो म्हणे, "जा, कोन अडवतंय?" आणि ती बसूनच राही. रोज हे असंच. रोज दांडा दोनदा आपटायचा, रोज त्यानं "कोन हाय" विचारायचं. एखाद्या दिवशी तो विचारायला विसरला तर ती उठून पाच पावलं मागे जाई आणि पुन्हा येऊन दांडा आपटे.

अशी वर्षं गेली. त्यांच्या पाठी कधी टेकल्या हे दोघांनाही सांगता आलं नसतं.

शेवटी दाजीनं ते बघितलंच. छत्री सावरत तो बांधावरून धावत आला.

"तिचं तोंड बगतोस?"

"नाय बाबा."

"खरं बोल!"

"मारुतीची आन. एकदा पन नाय. ती आता कशी दिसते ते मला म्हायीत नाय."

"मंग हितं करता काय?"

"बोलताव."

 मारायला उचललेला हात दाजीनं डोक्यावरून फिरवून खाली घेतला. तेवढ्यात आरडाओरडा ऐकून पलीकडून बुधाजी आला. दाजीनं चटकन छत्री उघडली आणि पाठ केली. बुधाजीनंही पाठ केली. आता बांधावर चार माणसं होती आणि कोणीच कोणाकडे बघत नव्हतं.

"पोरीच्या बापाला सांग," दाजी डोंगराला म्हणाला, "माज्या पोरानं शबूद मोडला नाय."

"पोराच्या बापाला सांग," बुधाजी खाडीला म्हणाला, "माज्या पोरीनं पन नाय."

"बाबा, आमाला लगीन करायचंय," कमळाकर म्हणाला.

 दोघेही बाप शपथेत कुठे लग्नाला मनाई सापडते का ते शोधत होते. सापडेना. दाजीला तर उलटच वाटू लागलं होतं. एवढी वर्षं पोरीला पाठ लावून बसला आणि मान वळवली नाही, असा पोरगा आपल्या पोटी आला. अशाला नाही कसं म्हणायचं? बुधाजीही मनात तेच म्हणत होता, पण रंभेबद्दल. दोघांनी आपापल्या दिशेला तोंड करून होकार दिला आणि आपापल्या वाटेनं घरी गेले.

आमच्यात लग्न लावते ती धवलारीण. धवले म्हणजे लग्नाची गाणी. ती गात गात सगळे विधी उरकायचे हे तिचं काम, आणि वाडीची धवलारीण होती सखूबाई. तोंडात कायम सुपारी, आवाज खाडीच्या पलीकडे जाईल असा. साखरपुड्याला तिनं जाहीर केलं, "लगीन ठरलं म्हंजी पोरांची शपथ उतरली. बसा आता समोरासमोर." आणि तिनं दोघांना समोरासमोर बसवलं.

कमळाकरची मान खाली गेली ती वर येईना. त्याला रंभेच्या पायाचे अंगठे तेवढे दिसत होते. सखूबाई म्हणाली, "तिचं नाव घे." त्यानं तोंड उघडलं. आवाजच फुटेना. रंभेनं डोळे घट्ट मिटून घेतले होते आणि तिला उचकी लागली. पाणी दिलं, साखर दिली, कोणीतरी पाठीत गुद्दा घातला. उचकी थांबेना. घामाघूम झालेला कमळाकर हवेसाठी दाराकडे वळला, त्याची पाठ तिच्याकडे झाली, आणि तिची उचकी थांबली.

"कमळाकर," ती म्हणाली, "हितं लई उकडतंय, नाय?"

"लई," कमळाकर म्हणाला. आवाज एकदम मोकळा.

दुसऱ्या दिवशी रंभा सखूबाईच्या ओटीवर जाऊन बसली. तिचं म्हणणं साधं होतं. मांडवात समोरासमोर बसवलं तर ती दोघं मुकी होणार. "आनि मला मुक्यानं लगीन करायचं नाय. आमचं जे हाय ते बोलन्यानंच हाय. आमाला पाठीला पाठ लावून बसू दे."

बातमी फुटली तशी रंभेची आई भामा रडायलाच बसली. "लोक काय म्हनतील? नवरा-नवरी मांडवातच भांडली म्हनतील!" दोघेही बाप भडकले. त्यांना वाटलं पोरं त्यांची नक्कल करताहेत.

"नाय बाबा," कमळाकर दाजीला म्हणाला. "तुमी रागानं पाठ करता. आमी सवयीनं."

दाजीनं छत्री झटकली.

सखूबाईनं मात्र दोघांना बोलावून घेतलं आणि उलट्या बाजूंना तोंड करून बसलेल्या त्या दोघांकडून त्यांच्या सगळ्या रीती विचारून घेतल्या. ती प्रत्येक गोष्टीवर सुपारी इकडून तिकडे करत मान हलवी. दांडा आपटायचा? आपटा, मुहूर्ताच्या वेळी चालेल. वालाच्या शेंगा, बोंबलाची चटणी? खांद्यावरून एकमेकांना घास द्यायचा, बरंच हाय. हार? मागे न बघता डोक्यावरून घालायचे. "जाते मी" म्हणून बसून राहायचं? इथं ती थांबली.

"हे मांडवात नको," ती म्हणाली. "नवरी 'जाते मी' म्हनली तर पावने खरंच उठतील. जेवन वाया जाईल."

रंभेला वाईट वाटलं, पण तिला ते पटलं.

माघात लग्न धरलं. मांडव दोन्ही घरांच्या मधे, देवळासमोर घातला, म्हणजे कोणाच्याच दारात नको. मधोमध दोन पाट, पाठीला पाठ. आणि तिथंच पहिली अडचण आली. पाहुण्यांनी बसायचं कुठं? पुढची बाजू कुठली तेच कळेना. दाजीच्या पाहुण्यांना नवरी बघायची होती, तर ते नवरीच्या बाजूला गेले. बुधाजीच्या पाहुण्यांना नवरा बघायचा होता, ते इकडे आले. मग आपला नवरा दिसत नाही म्हणून दाजीचे पाहुणे परत फिरले, वाटेत बुधाजीचे भेटले. होता होता सगळी वऱ्हाडी मंडळी पाटांभोवती गोल फिरू लागली. म्हाताऱ्या कोताऱ्यासुद्धा कमरेवर हात देऊन फेऱ्या घालत होत्या. मागून येणारे समजले की अशीच रीत असेल, तेही फिरू लागले. खालूबाजावाल्यांना ऐन गर्दीत उभं राहायला जागा मिळेना, म्हणून तेही वाजवत वाजवत फिरले. सनईवाल्याला घेरी आली. त्याला खांबाला टेकवून बसवलं, तिथूनच तो वाजवत राहिला. मग सनईचा आवाज एका जागी आणि ढोलाचा फिरता, असं चाललं.

पनवेलहून फोटोवाला आणला होता. त्यानं तिकाटणं उभं केलं, काळ्या कापडात डोकं घातलं आणि लगेच बाहेर काढलं. "अहो, दोघांपैकी एकाचाच चेहरा येतोय! दुसऱ्याची बाजू घ्यायची तर मला पलीकडे जावं लागेल, आणि तिकडे गेलो की हा जातो."

"मंग आडवा काढा," सखूबाई म्हणाली.

"आडवा म्हणजे?"

"बाजूनं. दोगांची नाकं येतील. फोटोत नाक आलं म्हंजी झालं."

त्यानं बाजूनं काढला. फिरणारी चार-दोन माणसंही त्यात आली, पुसट पुसट.

दुसरी अडचण मोठी होती. दोन्ही बापांनी मांडवात उभं राहायलाच हवं होतं. दाजी छत्री घेऊनच आला होता. सखूबाईनं त्याला दारात अडवलं. "मांडवात छत्री उघडायची नाय. लोकांना वाटंल मांडव गळतोय."

"मंग मी त्याचं तोंड बगू? शपथ माजी हाय, पोरांची उतरली असंल."

सखूबाईनं मांडवाकडे बघितलं. नवरा-नवरीत धरायला म्हणून दोघी जणी अंतरपाट घेऊन तयार उभ्या होत्या आणि कुठं धरायचा ते त्यांना कळत नव्हतं. दोन पाठींच्या मधे त्यांनी तो घालून बघितला. तो घातला काय आणि नाही घातला काय, सारखंच.

"हिकडं आना गो तो," सखूबाई म्हणाली. "त्या दोगांना काय करायचाय? त्यांची तोंडं कुटं दिसतात एकमेकांना? ज्यांना लागतोय त्यांच्यात धरा."

पाटांच्या एका अंगाला अंतरपाट धरला गेला आणि त्याच्या अलीकडे दाजी, पलीकडे बुधाजी उभा राहिला. दाजीला ते पसंत पडलं. छत्रीपेक्षा रुंद होता.

मुहूर्त आला. रंभेनं दांडा जमिनीवर दोनदा आपटला.

"कोन हाय?" कमळाकरनं विचारलं. सगळा मांडव ऐकत होता तरी त्याचा आवाज जरासुद्धा कापला नाही.

"कोनी नाय."

"मंग बस," तो म्हणाला, आणि बायकांनी डोळ्यांना पदर लावले. का ते त्यांनाही कळलं नाही.

सखूबाईनं धवला सुरू केला. या लग्नासाठी तिनं नवा जुळवला होता:

खाडीला ग भरती, बांधाला ओल,
पाठीला पाठ लागली, मनाचं मोल,
तू सांग डोंगराचं, मी सांगन पानी,
न बगता वळखली कमळाची रानी.

आवाज चढत गेला. फिरणारी माणसं जागच्या जागी थांबली. अक्षतांच्या मुठी वळल्या. शेवटची ओळ संपली, खालूबाजा कडाडला, आणि अंतरपाट धरलेल्या दोघींनी आयुष्यभर केलं तेच केलं. धवला संपला की अंतरपाट सोडायचा. त्यांनी सोडला.

सगळ्या मांडवाच्या अक्षता अंतरपाट जिथं होता तिथं पडल्या. म्हणजे दाजी आणि बुधाजीवर.

दोघे समोरासमोर उभे होते. डोक्यावर, खांद्यांवर, मिशांत तांदूळ. वळायला वेळच मिळाला नव्हता. दाजीचा हात छत्रीसाठी काखेत गेला, तिथं छत्री नव्हती. तो बघतच राहिला. त्याच्या डोळ्यांसमोर इतकी वर्षं त्या संध्याकाळी देवळात दिसलेला, काळ्याभोर केसांचा, भरल्या गालांचा बुधाजी होता. समोर उभा होता तो कोणी म्हातारा.

"मेल्या," दाजी म्हणाला, "तुजे दात कुटं गेले?"

बुधाजीनं तोंडावर हात ठेवला. "दोन वर्सं झाली," तो हातामागून म्हणाला. "तुजे केस कुटं गेले?"

"माज्या आयच्या मागं गेले."

"तवा मी होतो. मागं."

"म्हायीत हाय मला," दाजी म्हणाला. "मला आवाज येत होता तुजा रडन्याचा. मागं बगू कसा?"

मग दोघांपैकी कोण आधी पुढे झालं यावर वाडीत अजून दोन मतं आहेत. एकमेकांच्या गळ्यात पडून दोघे असे रडू लागले की बाजावाल्यांना वाटलं हाच तो क्षण, आणि त्यांनी दुप्पट जोरानं वाजवलं. फोटोवाल्यानं तिकाटणं उचलून बापांचाच फोटो काढला.

पाटांवर बसलेल्या दोघांना काहीच कळत नव्हतं.

"काय झालं?" कमळाकरनं विचारलं.

"मला खाडीच दिसते," रंभा म्हणाली. "तुला काय दिसतंय?"

"पावन्यांच्या पाठी. सगळे तिकडं बगतात. आपलं लगीन लागलं काय?"

ते कोणालाच सांगता येईना. अक्षता तर बापांवर पडल्या होत्या. बुधाजीच्या एका चुलत भावाचं म्हणणं पडलं की रीतीप्रमाणे आता दाजी आणि बुधाजीच बांधले गेलेत. भामा पुन्हा रडायला लागली. घरात तांदूळ उरला नव्हता, सगळा भाताला घातला होता. सखूबाईनं दोन पोरींना दटावलं, "बगता काय? येचा." पोरींनी दोन्ही म्हाताऱ्यांच्या सदऱ्यांवरून, डोक्यांवरून, खांद्यांवरून तांदूळ वेचला. म्हातारे मिठीतून सुटायला तयार नव्हते, त्यामुळे मधे अडकलेला तांदूळ तसाच राहिला. जेवढा मिळाला तेवढा मांडवात वाटला आणि एकेका माणसाच्या वाट्याला दोन-तीन दाणे आले. ते नेमके पाटांवरच्या दोघांवर पडले. हार मागे टाकले गेले. कमळाकरचा हार रंभेच्या एका कानाला अडकला, तिनं तो गळ्यात सरकवला. शेंगा आणि चटणी खांद्यांवरून गेली. लग्न लागलं.

मग बाप का रडताहेत ते बघायला दोघं उठली. तो उजवीकडून वळला, ती डावीकडून, आणि एकमेकांच्या समोर आली.

कमळाकरनं बघितलं. एक सावळी, मोठ्या कपाळाची, घामानं हळद ओघळलेली अनोळखी बाई त्याच्याकडे बघत होती. तो घाबरला. झटकन पाठ करून उभा राहिला.

"रंभे?" त्यानं हळूच विचारलं.

"काय?" मागून आवाज आला.

"तूच हायस ना ती?"

"मीच. आनि तुजे कान केवढे मोठे हायत रे! बोलला नायस कधी."

लग्नानंतर दोन्ही बाप एकमेकांना सोडेनात. दोघे सकाळी देवळात जाऊन बसत ते जेवायलाच उठत. बुधाजी पहिल्यांदा मारुतीच्या समोर उभा राहिला तेव्हा त्याला तो ओळखीचा वाटेना. पनवेलच्या बाजारात दोघे एकाच छत्रीखाली जात आणि येताना भांडत, कारण छत्री कोणी धरायची हे ठरत नसे.

पोरांचं मात्र सावकाश चाललं होतं. घरात ती चुलीपाशी तोंड करून बोले, तो दाराकडे. समोरासमोर आली की पुन्हा तेच. त्याची मान खाली, तिची उचकी. गोदू, म्हणजे कमळाकरची आई, जेवायला वाढताना दोघांना मुद्दाम एकमेकांच्या पुढ्यात बसवी आणि ती दोघं न बोलता, एखाद्या मयताच्या जेवणाला बसल्यासारखी जेवून उठत.

हंगाम ऐन भरात आला. मिठाच्या राशी लागल्या. मीठ वाहायची पाटी डोक्यावर घ्यायला दुसरा माणूस लागतो. तो समोर उभा राहून दोन्ही हातांनी पाटी उचलतो, घेणारा खाली वाकतो, आणि पाटी डोक्यावर बसेपर्यंत दोघांना हात सोडता येत नाहीत. एक दिवस रंभेला पाटी द्यायच्या वेळी जवळ दुसरं कोणीच नव्हतं. कमळाकर पुढे आला. पाटी उचलली. ती वाकली, मग सरळ झाली. त्याचे दोन्ही हात पाटीला, तिचेही. पाठ करायला कोणालाच जमेना.

"जड हाय?" त्यानं विचारलं.

तिनं उचकीची वाट बघितली. ती आली नाही.

"नाय," ती म्हणाली. "तुज्या भिवयांत मीठ बसलंय."

"पुसू कशानं? हात कुटं मोकळे हायत?"

"ऱ्हाऊ दे. बरं दिसतंय. काल तुजी आय काय बोलली म्हायीत हाय?"

"काय?"

ती सांगू लागली. तो ऐकू लागला आणि मधे मधे विचारू लागला. पाटी तशीच दोघांच्या हातांत, तिच्या डोक्यावर अर्धी टेकलेली. मागे पाट्या घेऊन लोक येऊन उभे राहिले. बांध एवढा अरुंद की बाजूनं जाता येईना. कोणी खाकरलं, कोणी शिवी दिली. रांग राशीपर्यंत गेली, आणि रंभेचं सांगून अजून अर्धंसुद्धा झालं नव्हतं.